शहागंजचा बस्ता : लग्नाचा खर्च रोख कसा झाला

आज आपण छत्रपती संभाजीनगरच्या शहागंजात जाणार आहोत. तुळशीचं लग्न लागलं की आठ-दहा दिवसांत तिथल्या घड्याळाच्या मनोऱ्याजवळ उभं राहून बघा. फुलंब्री, सिल्लोड, पैठणकडून आलेली दहा-बारा माणसांची टोळकी दिसतील. नवरीची आई, आजी, मामा, हिशेब सांभाळणारा एखादा चुलता, आणि त्याच्या खिशात घडी घातलेला कागद. ही मंडळी बस्ता बांधायला आलेली असतात. बस्ता म्हणजे लग्नाच्या कापडाची सगळी खरेदी : नवरीचा शालू, नवरदेवाचे कपडे, मानपानाच्या साड्या, टॉवेल-टोप्या. कुणाला काय द्यायचं, त्याची यादी त्या कागदावर असते.

ती यादी बघून आपल्यासारखा माणूस पटकन म्हणतो, ऐपत नाही तर एवढा खर्च करतात कशाला? हा प्रश्न निदान दीडशे वर्षं जुना आहे. पण माझ्या मते तो अर्धाच प्रश्न आहे. लग्नाचा खर्च वाढला हे खरंच. त्याहून मोठा बदल असा की पूर्वी तो बराचसा धान्यात, श्रमात आणि उसनवारीत भागत असे. आता तो ठरलेल्या तारखेला रोख मोजावा लागतो. आजचं सगळं बोलणं या एका बदलाभोवती आहे.

आधी जागा समजून घेऊ. १६१० मध्ये मलिक अंबरने खडकी वसवली, डोंगराकडचं पाणी नहरींतून गावात आणलं. पुढे तेच औरंगाबाद झालं. गंज म्हणजे बाजार. शहागंजचा मोठा हौद सय्यद हुसैन अलीच्या सुभेदारीत, म्हणजे १७१४ ते १७१९ च्या दरम्यान बांधला गेला असं इतिहासकार खाफी खान नोंदवतो. लगतची मशीद १७२० च्या सुमाराची. तुम्ही म्हणाल, हौदाचा लग्नाशी काय संबंध? लग्नाचा भर हंगाम उन्हाळ्यात असतो आणि मराठवाड्यात पाण्याचे हाल त्याच दिवसांत असतात. जिथे माणसाला आणि बैलाला उन्हाळ्यात पाणी मिळतं, तिथेच बाजार टिकतो. शिवाय इथून सराफा, सिटी चौक, गुलमंडी सगळं पायी जाण्यासारखं. सकाळी आलेला माणूस कापड, सोनं, बांगड्या, भांडी एका फेरीत उरकून संध्याकाळी गावी परत जाऊ शकतो.

आता या बाजारातलं कापड बघू. तुघलकाने १३२७ मध्ये राजधानी दौलताबादला हलवली, तेव्हा कारागीरही आले आणि इथल्या विणकामाची सुरुवात तिथून झाली, असं परंपरेने सांगतात. इथे तीन कापडं नावारूपाला आली. किंखाब म्हणजे रेशीम आणि जर, ते सरदार-दरकदारांचं. मशरू म्हणजे वरून रेशीम, आतून सूत. निव्वळ रेशीम अंगाला लागू द्यायचं नाही असं मानणाऱ्या मुसलमान पुरुषांची त्यामुळे सोय झाली. आणि तिसरं हिमरू, सूत आणि रेशमाचं. या शब्दाचं मूळ फारसीत सांगतात आणि त्याचा अर्थ होतो, 'सारखं दिसणारं'. कशासारखं? किंखाबासारखं.

हे लक्षात ठेवा. आज सेमी पैठणी, एक ग्रॅम सोन्याचे दागिने, भाड्याची शेरवानी दिसली की आपण 'देखाव्याचा जमाना' म्हणून नाक मुरडतो. पण या शहराचं सगळ्यात नावाजलेलं कापडच मुळी परवडणाऱ्या देखाव्याचं कापड आहे! लग्नात चार लोकांत शोभून दिसावं आणि घरही बुडू नये, ही धडपड आजची नाही. बाजाराने तिला कायम उत्तर दिलेलं आहे.

या बाजाराचं दुसरं वैशिष्ट्य म्हणजे तो दोन पंचांगांवर चालतो. आषाढी एकादशीपासून कार्तिकीपर्यंत हिंदू लग्नं थांबतात. पौषात आणि अधिक महिन्यात नकोच म्हणतात. मुसलमान घरांत रमजान आणि मुहर्रममध्ये लग्नं टाळतात. हिजरी वर्ष साधारण ३५४ दिवसांचं, म्हणून ते दरवर्षी सुमारे ११ दिवस मागे सरकतं आणि ३३ वर्षांत सगळ्या ऋतूंमधून फिरून येतं. त्यामुळे कधी दोन्ही हंगाम एकमेकांवर येतात, तर कधी एकाची पोकळी दुसरा भरून काढतो. २०१८ चं उदाहरण घ्या. मेच्या मध्यापासून जूनच्या मध्यापर्यंत अधिक ज्येष्ठ होता आणि नेमका त्याच दिवसांत रमजान. एरवी मे म्हणजे लग्नसराईचा कळस. त्या वर्षी दोन्हीकडची लग्नं एकदम थांबली आणि गर्दी झाली ती ईदच्या खरेदीची. तिसरं गिऱ्हाईक बौद्ध समाजाचं. १९५६ च्या धम्मदीक्षेनंतर मुहूर्त सुटला, लग्न सुटीच्या दिवशी होऊ लागलं, आणि नवरीच्या पांढऱ्या साडीला मागणी आली. इथल्या दुकानदाराला या सगळ्यांची दिनदर्शिका पाठ ठेवावी लागते. नाहीतर माल पडून राहतो आणि उधारीचं व्याज चढतं.

आता खेड्याकडे वळू. गावातलं जुनं लग्न आठवा, किंवा घरातल्या म्हाताऱ्या माणसांना विचारा. मांडवाचे डहाळे भावकीने आणायचे. मडकी कुंभाराची, कपडे परटाने धुवायचे, आवतणं न्हाव्याने द्यायची, वाजंत्री गावातलीच. ज्याला त्याला बलुतं खळ्यावर मिळायचं आणि लग्नात मानाचं काही. पोळ्या लाटायला गल्लीतल्या बायका, पंगत वाढायला गावातली पोरं. धान्य घरचं. शहरातल्या मुसलमान मोहल्ल्यातही नान-खलिया मोठ्या देगीत शिजायचा आणि वाढायला सगे-शेजारी उभे असायचे. मी त्या काळाचं गुणगान करत नाही, हे नीट ऐका. त्या व्यवस्थेत जातीची सक्ती होती. ज्याला वाजवायचं होतं त्याला नाही म्हणायची सोय नव्हती, आणि पंगतीत त्याची जागा कुठे असायची ते आपल्याला माहीत आहे. पण खर्चाच्या बाजूने बघितलं तर रोख पैसा थोडाच लागायचा : कापडाला, सोन्याला आणि थोड्याफार दक्षिणेला.

आणि होती आहेराची वही. कुणी किती रुपये, कुणी लुगडं, कुणी भांडं दिलं, सगळं तारीखवार. आपण तिला भेटवस्तूंची यादी समजतो. खरं तर ती गावाची बिनव्याजी पतपेढी होती. तुमच्या घरच्या लग्नाला मी दिलं, ते माझ्या घरच्या लग्नाला तुम्ही परत करायचं. कर्जच ते, पण त्याची फेड लग्नाच्या वेळीच व्हायची, म्हणजे गरज पडेल तेव्हा.

याला इतिहासात चांगला पुरावा आहे. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांवर चाल केली, कर्जरोखे जाळले. उठाव नगर जिल्ह्यातही पसरला, म्हणजे आपल्या शेजारी. आपण तेव्हा निजामाच्या हद्दीत. सरकारने चौकशी आयोग नेमला. साहेब लोकांचं आवडतं उत्तर तयारच होतं : कुणबी लग्नावर उधळतो म्हणून बुडतो. आयोगाने तपासून सांगितलं की लग्नखर्चाला वाजवीपेक्षा जास्त महत्त्व दिलं गेलं आहे. खर्च ऐपतीच्या मानाने जास्त आहे, पण तो क्वचित येतो. बी-बियाणं, बैल, सारा, पोटाला धान्य यांसाठी पुन्हा पुन्हा घेतलेली लहान कर्जं शेतकऱ्याला जास्त बुडवतात. म्हणजे कर्जाचं मूळ शेतीत होतं. लग्न हा त्यातला एक आकडा.

मग बदललं काय? रेल्वेने १९०० च्या सुमारास हे शहर मनमाड आणि हैदराबादला जोडलं, गिरणीचं कापड आलं, हातमाग मागे पडला. बलुतं मोडत गेलं, आणि ते मोडायलाच हवं होतं. १९७२ चा दुष्काळ पडला, माणसं गाव सोडून मजुरीला लागली. चिकलठाणा, वाळूजच्या कारखान्यांनी महिन्याचा पगार आणला. १९८५ मध्ये वाळूजला बजाज आली. पगारदार घराला रविवारचं लग्न सोयीचं. त्याला मंगल कार्यालय लागतं, केटरर लागतो, डेकोरेशनवाला, बँड, व्हिडिओ शूटिंग लागतं. बीड बायपासवरची लॉन्स याच मागणीतून उभी राहिली. पूर्वी जे काम भावकी आणि गाव करायचं, त्या प्रत्येक कामाला आता दर आहे आणि आगाऊ रक्कम आहे. त्यातून हजारो हातांना रोजगार मिळाला. तो रोजगार रोख मागतो, आणि त्यात गैर काही नाही.

अडचण तारखेची आहे. कोरडवाहू शेतकऱ्याच्या हातात पैसा येतो कापूस, सोयाबीन, तूर विकल्यावर, आणि तोही पाऊस झाला तर. कार्यालय मात्र चार-सहा महिने आधी बुक करायचं. ही फट कोण भरतं? सावकार, मायक्रोफायनान्स, दागिने तारण ठेवून घेतलेलं कर्ज. बीड, जालन्याकडे ऊसतोडीच्या मुकादमाची उचल. उचल लग्नाला घेतली की नवं जोडपं हळद उतरायच्या आत कारखान्यावर जातं आणि कोयत्याने ती फेडतं. तिथे नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात, म्हणून मुलगी लवकर उजवण्याचा दाब वाढतो. थोरलीच्या मांडवात धाकटीचंही उरकलं तर एक खर्च वाचतो. हिशेब बरोबर असतो, फक्त धाकटी पंधरा वर्षांची असते. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत, २० ते २४ वयाच्या स्त्रियांपैकी १८ च्या आत लग्न झालेल्यांचं प्रमाण महाराष्ट्रात सुमारे २२ टक्के निघालं. बीड आणि परभणीत ते ४० च्या वर आहे. आणि वडिलांना लग्नाचा खर्च झेपणार नाही म्हणून लातूर जिल्ह्यातल्या मुलींनी जीव दिल्याच्या बातम्या आपण २०१६ आणि २०१७ मध्ये वाचल्या. शहागंजातल्या त्या कागदाच्या घडीत हे सगळं असतं.

उपाय झाले नाहीत असं नाही. जानेवारी १९६३ मध्ये सरकारने सुवर्ण नियंत्रण आणलं, १४ कॅरेटपेक्षा शुद्ध दागिने घडवायला बंदी केली. सोनार बेकार झाले, पण लोकांनी सोनं सोडलं नाही, कारण बाईच्या अंगावरचा डाग हीच घरातली एकमेव बँक होती. १९९० मध्ये तो कायदाच गेला. गंमत बघा, एप्रिल २०२५ मध्ये दहा ग्रॅम सोनं लाखावर गेलं, आणि त्याच वर्षी ९ कॅरेटलाही हॉलमार्क मिळू लागला. कायद्याला जे जमलं नाही ते भावाने करून दाखवलं! एप्रिल २०२१ मध्ये कोरोनामुळे २५ माणसं, दोन तास, मोडल्यास ५० हजार दंड, असा नियम होता. तो उठला आणि पंगती परत आल्या.

याउलट लोकांनी स्वतः ठरवलेल्या गोष्टी टिकल्या. डिसेंबर १८७३ मध्ये सत्यशोधक समाजाने भटजीशिवाय, अगदी थोड्या खर्चात लग्न लावून दाखवलं. आपल्याकडे 'यादी पे शादी' आहेच : देण्याघेण्याची यादी करायला दोन्ही घरं बसतात आणि तिथेच अक्षता टाकून मोकळी होतात. सामूहिक विवाह आहेत. त्यांना राज्याच्या शुभमंगल योजनेतून सुरुवातीला जोडप्यामागे १० हजार मिळत. यांत समान धागा असा की दोन्ही व्याही एकत्र बसून ठरवतात. एकट्या मुलीच्या बापाला कमी खर्च करण्याचं स्वातंत्र्य नसतं. मानपान कमी झालं तर बोल त्याच्या मुलीला सासरी ऐकावे लागतात. म्हणून त्याला उपदेश करून भागत नाही. यादी लिहिताना वरपक्षाने पेन खाली ठेवलं पाहिजे.

शेवटी एक विनंती. तुमच्या घरी जुनी आहेराची वही असेल तर रद्दीत घालू नका. कापडाचा भाव, भांड्यांची जात, कोण कुणाला काय देणं लागत होतं, मराठवाड्याचा असा आर्थिक इतिहास दुसरीकडे लिहिलेला नाही. आणि वहीत शेवटची नोंद कोणत्या लग्नाची आहे ते जरूर बघा. तुमच्या घरात लग्नाचा खर्च रोख कधी झाला, ते तुम्हाला बरंचसं तिथेच कळेल.