सोनं की मुरूम

सोन्याच्या खाणी कोलारला, असं आम्हाला शाळेत शिकवलं. वेल्ह्याच्या माणसाला ते काही पटत नाही! भूशास्त्र मात्र वेल्ह्याच्या बाजूचं नाही. इकडचा काळा पाषाण म्हणजे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी थिजलेला लाव्हा. कोलारचं सोनं होतं ते त्याहून कितीतरी जुन्या खडकात, आणि ती खाणही 2001 साली बंद झाली.

तरी सोनं निघालं आमच्याच तोरण्यावर. 1646 च्या सुमारास शिवाजीमहाराजांनी गड घेतला, डागडुजीसाठी कुदळ मारली आणि धनाचे हंडे लागले, असं सांगतात. कुणाचं होतं देव जाणे. आपण असतो तर आधी माडी बांधली असती. महाराजांनी समोरच्या मुरुंबदेवाच्या डोंगरावर राजगड बांधला. नाव ऐका, सोनं शेवटी मुरुमालाच लागलं!

आज उलटा व्यवहार. मुरूम, खडी, दगड यांना सरकारी भाषेत 'गौण खनिज' म्हणतात. म्हणजे घाट रुंद करायला, बंगल्यांचे पाये भरायला भोर-वेल्ह्याचा डोंगर टिपरमधून गौणपणे निघून जातो. रॉयल्टीची पावती तेवढी मागं उरते, तीही फाडली असेल तर.

आमचे आबा अजून बांधावर पहार आपटून कानोसा घेतात. त्यांना म्हटलं, "आबा, 1878 चा कायदा आहे. दहा रुपयांवरचं गुप्तधन सापडलं की कलेक्टरला कळवावं लागतं."

आबा म्हणाले, "मग नऊ रुपयांचंच काढू."