डागनाशक, घरगुती

डागनाशक, घरगुती : कपड्यावरचा जो डाग नेहमीच्या साबणाने निघत नाही, त्यावर लावण्यासाठी घरातल्या जिन्नसांचे केलेले मिश्रण. खाण्याचा सोडा, धुण्याचा सोडा, लिंबू, व्हिनेगर, भांड्यांचा पातळ साबण, रिठा आणि औषधाच्या दुकानात मिळणारे हायड्रोजन पेरॉक्साइड हे त्यातले नेहमीचे घटक. सगळ्या डागांना चालणारे एकच मिश्रण नाही. डाग कशाचा आणि कापड कोणते, हे पाहूनच उपाय ठरतो.

हळदीचा डाग याचे उत्तम उदाहरण. पांढऱ्या सदऱ्यावर वरणाचा थेंब पडला की हात आपसूक साबणाकडे जातो. साबण चोळला की पिवळा डाग डोळ्यांदेखत तांबडा होतो आणि कपडा वाया गेला असे वाटते. तो गेलेला नसतो. हळदीतले कर्क्युमिन हे रंगद्रव्य अल्कधर्मी पदार्थाच्या संपर्कात तांबडे होते आणि साबण व सोडा दोन्ही अल्कधर्मी आहेत. त्याच जागी लिंबू पिळले तर डाग पुन्हा पिवळा होतो. हळदीला टाकणखाराची जोड देऊन पारंपरिक कुंकू करतात, त्यातला लाल रंगही कर्क्युमिनमुळेच येतो. कर्क्युमिन उन्हात टिकत नाही, ही त्याची दुसरी बाजू. म्हणून आधी साबणाने तेलतूप काढावे, कपडा खळबळून ओला असतानाच कडक उन्हात वाळत घालावा आणि डाग उरल्यास पुन्हा तेच करावे. सुती पांढऱ्या कपड्यावर याहून स्वस्त आणि खात्रीचा उपाय नाही. पावसाळ्यात मात्र पंचाईत होते.

चहा, कॉफी, फळांचा रस, घाम अशा डागांसाठी पेरॉक्साइडचे मिश्रण उपयोगी पडते. दुकानातले पेरॉक्साइड बहुधा ६ टक्क्यांचे, म्हणजे ‘२० व्हॉल्यूम’चे असते, त्यात तितकेच पाणी घालून ते ३ टक्क्यांवर आणावे. अशा अर्ध्या वाटी द्रावणात चमचाभर भांड्यांचा पातळ साबण आणि चमचाभर खाण्याचा सोडा कालवून डागावर लावावे व अर्ध्या तासाने धुवावे. पेरॉक्साइडमधून सुटणारा ऑक्सिजन रंगद्रव्य मोडतो, साबण चिकटा उचलतो आणि सोड्यामुळे पेरॉक्साइडचे काम वेगाने होते. रंगीत कपड्यावर आधी आतल्या शिवणीजवळ थेंबभर लावून पाहावे, कारण डागाचा रंग उडवणारे द्रव्य कापडाचाही रंग उडवू शकते. हे मिश्रण लागेल तेवढेच करावे. उरलेले बाटलीत घट्ट झाकून ठेवल्यास आत वायू साठतो आणि बाटली फुटू शकते.

रक्ताचा डाग गार पाण्याने धुवावा. गरम पाण्याने रक्तातली प्रथिने गोठतात आणि धाग्यात घट्ट बसतात. ताज्या तेलाच्या डागावर कोरडे पीठ किंवा पावडर पसरून तेल शोषू द्यावे, मग साबण. बॉलपेनच्या शाईला स्पिरिट चालते. लोखंडाच्या गंजाला लिंबू आणि मीठ लावून कपडा उन्हात ठेवतात. तिथे ब्लीच वापरले तर डाग उलट पक्का होतो. रेशीम आणि लोकर यांना सोडा व ब्लीच दोन्ही बाधतात, त्यामुळे पैठणीसारख्या वस्त्रावर घरी प्रयोग न केलेलाच बरा. रिठ्याच्या सालीतील सॅपोनिन पाण्यात फेस करते आणि मळ सैल करते. रेशमी व लोकरी कपडे रिठ्याच्या पाण्यात धुण्याची जुनी रीत त्याच्या सौम्यपणामुळे टिकली आहे.

खाण्याचा सोडा आणि व्हिनेगर एकत्र करण्याची कृती फार लोकप्रिय आहे. तिची कीर्ती मुख्यतः फेसामुळे. आम्ल आणि अल्क एकमेकांना निष्प्रभ करतात आणि फसफसून झाल्यावर भांड्यात जवळजवळ नुसते खारट पाणी उरते. दोन्ही वापरायचेच असतील तर एक लावून, धुऊन, मग दुसरे लावावे. ब्लीच मात्र व्हिनेगर, लिंबू किंवा फरशी पुसण्याच्या आम्लात कधीही मिसळू नये, त्यातून विषारी क्लोरीन वायू निघतो. अमोनिया असलेल्या द्रवाशीही त्याचा संयोग घातकच. मोरीसारख्या कोंदट जागेत हा धोका वाढतो.

घरगुती उपायांना न जुमानणारे डागही आहेत. बिब्ब्याच्या तेलाचा काळा डाग त्यांतला सर्वांत चिवट. गिऱ्हाइकांचे कपडे ओळखू यावेत म्हणून परीट त्यांवर खूण करीत, ती याच तेलाने. सोड्याच्या भट्टीतूनही ती जात नसे.