कोकण दिपकाडी

कोकण दिपकाडी : (लॅ. डिप्काडी काँकनेन्स, कुल–लिलिएसी). जांभ्याच्या पठारांवर वाढणारी ही लहान, कंदयुक्त ओषधी कोकण व त्यालगतच्या प्रदेशापुरतीच मर्यादित आहे. रत्नागिरी जिल्ह्यात चिपळूण तालुक्यातील सावर्ड्याकडून दक्षिणेस राजापूरकडे जाताना सपाट माथ्याची जी कातळपठारे लागतात, त्यांना ‘सडा’ म्हणतात. तेथील उथळ मातीत हिचे कंद वाढतात.

समशीतोष्ण प्रदेशांतील डोंगरांवर पलांडु कुलातील अनेक वनस्पती बर्फ वितळल्यावर, वसंत ऋतूत फुलतात. कोकणात कंदांच्या विश्रांतीचा काळ हा थंडीचा नसून पावसाळ्यानंतरच्या कोरड्या महिन्यांचा असतो. त्यामुळे वसंताचे कार्य येथे मृगाचा पाऊस करतो. पाने अरुंद, रेषाकृती व मूलज असतात. जून–जुलैमध्ये पर्णहीन दांड्यावर पांढरी, नळीसारखी फुले येतात. परिदले सहा, केसरदले सहा, किंजपुट ऊर्ध्वस्थ व तीन कप्प्यांचा. फळ (बोंड) त्रिखंडी असून बिया काळ्या व चपट्या असतात. पाऊस संपल्यावर जमिनीवरचा भाग सुकतो व कंद तेवढा जिवंत राहतो.

या वनस्पतीचे पहिले शास्त्रीय वर्णन स्कॉटिश वनस्पतिशास्त्रज्ञ एन्. ए. डॅल्झेल (१८१७–७७) यांनी १८५० मध्ये प्रसिद्ध केले. ते मुंबई इलाख्यात प्रथम जकात खात्यात व पुढे वनसंरक्षक म्हणून नोकरीस होते. अलेक्झांडर गिब्सन यांच्यासह त्यांनी लिहिलेला मुंबई इलाख्याच्या वनश्रीवरील ग्रंथ १८६१ मध्ये निघाला. डॅल्झेल यांनी हिला यूरोपेटॅलम (शेपटीसारख्या पाकळ्यांची) या प्रजातीत घातले होते. १८७० मध्ये जे. जी. बेकर यांनी तिचा डिप्काडी प्रजातीत समावेश केला. आधुनिक वर्गीकरणात लिलिएसी कुलाचे विभाजन झाले असून २००९ च्या पद्धतीनुसार ही प्रजाती शतावरी कुलात मोडते. प्रजाती व कुल दोन्ही बदलली, तरी ‘कोकणातील’ या अर्थाचे जातिवाचक नाव कायम राहिले.

सड्यावर नांगर चालत नाही, म्हणून तो पडीक वा पोटखराब समजला जातो. वर्षातील बहुतेक काळ तो उघडा व काळपट दिसत असल्याने ही समजूत दृढ झाली आहे. चिऱ्याच्या खाणी, रस्ते व बांधकामे, तसेच सुरुंगाने खड्डे खोदून बाहेरची माती भरून केलेली आंब्याची लागवड यांमुळे हा अधिवास कमी होत आहे. याच सड्यांवरील प्राचीन कातळशिल्पांचा युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या तात्पुरत्या सूचीत २०२२ मध्ये समावेश झाला. त्यामुळे काही सड्यांकडे लक्ष वेधले गेले आहे. तथापि कातळशिल्पांपुरते कुंपण घातल्याने दिपकाडीचे रक्षण होत नाही. कातळावरील मातीचा पातळ थर एकदा खरवडला गेला, की त्यातील कंदही नष्ट होतात. म्हणून सड्याचे मूल्य उन्हाळ्यातील पाहणीवरून न ठरविता पावसाळ्यात तेथील वनस्पतींची नोंद करून ठरविणे इष्ट आहे.