देवीला सोडलेला

आमच्या वंशावळीच्या कागदावर पणजोबांच्या धाकट्या भावाला दोन मुलगे आहेत. आजी तीन सांगायची. तिसरा यल्लम्माला सोडलेला.

गाव गडहिंग्लज तालुक्यातलं. यल्लम्माचा सौंदत्तीचा डोंगर पलीकडे कर्नाटकात, पण देवीच्या हुकमापुढे हद्दबिद्द कुणी मानत नाही. आजीचा हा चुलत दीर लहानपणापासून बायकांच्यात रमणारा. जात्यावरच्या ओव्या पाठ, भाकरी थापायला बसला की सासवांनी सुनांना दाखवावी अशी. मग एका पावसाळ्यात त्याच्या केसांत जट आली. "जट आली म्हंजे आईचं बोलावणं. तितं माणसाचं काय चालतंय?" आजी म्हणायची. आत्या तिथंच तोडायची, "आली न्हाई, येऊ दिली. त्येल लावायचं कुणी बंद केलं, त्ये इचार की."

केस गुंतून, मळ बसून जट होते हे अंधश्रद्धा निर्मूलन समितीचे कार्यकर्ते वर्षानुवर्षं सांगत आलेत, जटा सोडवत आलेत. तरी आजीचं म्हणणंही मला सोडवत नाही. असल्या पोराचं करायचं काय, याला गावाकडे दुसरं उत्तर कुठं होतं? लग्न लावलं तर परक्याच्या पोरीचं वाटोळं, न लावावं तर चार लोक विचारणार. देवीला सोडलं की तोंडं बंद, वर पुण्य.

आजीनं सौंदत्तीचा तो दिवस पाहिला होता. जोगुळबावीच्या पाण्यात आंघोळ, अंगाला लिंबाचे डहाळे, गळ्यात दर्शनाचे मणी बांधले, कवड्यांची माळ घातली, हातात परडी दिली. सकाळी धोतरात गेलेला पोरगा संध्याकाळी लुगड्यात आला, आणि त्याच्या आईनं वाकून त्याच्या पायावर डोकं ठेवलं. हे सांगताना आजी दर वेळी स्वतःही हात जोडायची.

असे देवीला सोडलेले पुरुष म्हणजे जोगते. त्यांच्या तोंडी याची कथा अशी, की जमदग्नीनं रेणुकेला, म्हणजे यल्लम्मालाच, मारायला सांगितलं तेव्हा परशुरामाच्या थोरल्या भावांनी नकार दिला आणि बापाच्या शापानं त्यांचं पुरुषपण गेलं. आपण त्यांच्या वाटेचे. आईवर हात न उचलल्याची ही शिक्षा. म्हणजे कथेत चूक त्यांची नाहीच.

मंगळवार-शुक्रवार तो जोगवा मागायचा. डोक्यावर देवीचा जग, हात न लावता तोललेला. साथीदाराच्या काखेत चौंडकं, तार ताणली की सूर चढायचा. बाळंतिणी पोरं त्याच्या पायावर घालत. मार्गशीर्षातल्या रांडाव पुनवेला जमदग्नी मारला गेला म्हणून जोगतिणी चुडे फोडतात, तसा तोही फोडायचा. आजी म्हणायची, खरी बाई रडणार नाही असा रडायचा. आजी एवढ्यावर थांबायची. पुढचं आत्याचं: "चुडा पुन्ना भरायला पैसं देणारा माणूस गावातलाच हुता. बायकापोरांचा. साऱ्या गावाला ठावं हुतं, पर बोलायचं न्हाई."

म्हणूनच "आपल्याकडे पूर्वीपासून किती स्वीकार होता बघा" असं कुणी उत्साहानं म्हणालं की मला अवघडल्यासारखं होतं. मान होता, खोटं कशाला बोला. पण तो परडीला होता. परडी खाली ठेवून त्यानं दार वाजवलं असतं तर? १८६०च्या दंडसंहितेतलं ३७७ कलम गावात कुणाला माहीत असण्याचा संबंध नव्हता. प्रौढांच्या संमतीच्या संबंधांपुरतं ते २०१८ साली सुप्रीम कोर्टानं उठवलं, तेव्हाही गावाला त्याचं काही नव्हतं. गावाचं कलम वेगळं होतं: करा, पण बोलू नका.

सुधारणा आली तीही बाईला शोधत आली. देवदासींसाठी मुंबई इलाख्याचा कायदा १९३४चा, कर्नाटकाचा १९८२चा, महाराष्ट्राचा २००५चा. १९७५ साली तर देवदासींची परिषद गडहिंग्लजलाच भरली. सगळं गरजेचंच होतं, उशिराच झालं. पण त्या सगळ्यात जोगता कुठं बसवायचा हे कुणाला सुचलं नाही. तो लक्षात राहिला तो राजन गवसांच्या 'चौंडकं' आणि 'भंडारभोग' या कादंबऱ्यांत, आणि त्यांवरून निघालेल्या 'जोगवा' सिनेमात. उपेंद्र लिमयेंना त्यातल्या जोगत्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. कोर्टाच्या कागदावर तो २०१४ साली आला: तृतीयपंथीयांच्या हक्कांच्या निकालात जोगत्या-जोगप्पांचा नावानिशी उल्लेख आहे. चुलत आजोबांना जाऊन तोवर जमाना लोटला होता.

नोव्हेंबर २०२१मध्ये कर्नाटकातल्या मंजम्मा जोगती पद्मश्री घ्यायला राष्ट्रपती भवनात गेल्या. पदर हातात घेऊन त्यांनी आधी राष्ट्रपतींची दृष्ट काढली, मग पुरस्कार घेतला. तो व्हिडिओ मी आत्याला मोबाइलवर दाखवला. तिनं चष्मा लावून परत लावायला सांगितला. साडीचं कौतुक केलं, हात कसा फिरवला ते करून दाखवलं. मग म्हणाली, "हिला घरच्यांनी वाटणी दिली का गं?"

मी म्हटलं, का?

"काकाचं दीड एकर दोघा भावांनी त्याच वरसाला चढवून घेतलं नावावर. ह्यो मागाय गेला तर म्हनलं, देवीला सोडल्यालाला कशाला पायजे सातबारा!"