तपकिरी वायर : बुद्रुक की खुर्द?

बसमध्ये हेडफोन विसरलेल्यांसाठी आणि ऐकण्यापेक्षा वाचणं बरं वाटणाऱ्यांसाठी हा या भागाचा लिखित मजकूर. आजचा इतिहास गडकिल्ल्यांचा नाही. तो आपल्या गाडीच्या डॅशबोर्डखाली, काळ्या टेपमध्ये गुंडाळून पडलेला आहे. वायरींच्या रंगांचा इतिहास!

सुरुवात गावाच्या नावापासून करू. आंबेगाव तालुक्यात, मंचरजवळ अवसरी नावाची दोन गावं आहेत. अवसरी बुद्रुक आणि अवसरी खुर्द. बुद्रुक हा शब्द फारसी 'बुजुर्ग'वरून आला, म्हणजे थोरलं. खुर्द म्हणजे धाकटं. शासकीय अभियांत्रिकी महाविद्यालय आहे ते खुर्दमध्ये. बाहेरगावचा पोरगा ॲडमिशनला आला आणि नुसतं 'अवसरी' म्हणाला, की समोरचा लगेच विचारणार, "कुठली रे, बुद्रुक की खुर्द?" नाव एक, ठिकाणं दोन. हा प्रश्न लक्षात ठेवा, कारण गाडीतल्या तपकिरी वायरीलाही हाच प्रश्न विचारावा लागतो.

पहिली भाषा : बर्मिंगहॅमची

हिंदुस्थान मोटर्सची ॲम्बेसेडर 1957-58 च्या सुमारास रस्त्यावर आली आणि 2014 मध्ये तिचं उत्पादन थांबलं. ती मुळात इंग्लंडची मॉरिस ऑक्सफर्ड, सिरीज थ्री. इंग्लंडच्या बहुतेक गाड्यांना दिवे, डायनॅमो, स्विच आणि वायरिंग पुरवायची बर्मिंगहॅमची लुकास कंपनी. पुढे 1961 मध्ये मद्रासला लुकास-टीव्हीएस सुरू झाली आणि लुकास हे नाव आपल्याकडच्या ऑटो इलेक्ट्रिशियनच्या तोंडी रुळलं.

लुकासने वायरींना रंगांची शिस्त लावली होती आणि ब्रिटिश मानकाने ती पक्की केली. तपकिरी म्हणजे बॅटरीतून थेट येणारी, चावी बंद असली तरी करंट असलेली, मध्ये फ्यूज नसलेली. पांढरी म्हणजे चावी फिरवल्यावर जिवंत होणारी. हिरवी म्हणजे चावीनंतर आणि फ्यूजमधून आलेली. जांभळी म्हणजे फ्यूजमधून आलेली पण कायम चालू, उदाहरणार्थ हॉर्नसाठी. निळी हेडलाइटची, लाल पार्किंगच्या दिव्यांची आणि काळी अर्थची.

आता यातली गंमत बघा. मुख्य रंग सांगतो करंट कुठून आला आणि त्यावरची बारीक धारी सांगते तो कुठे चाललाय. निळ्यावर पांढरी धारी म्हणजे अप्पर, निळ्यावर लाल धारी म्हणजे डिपर. हिरव्यावर लाल धारी डावा इंडिकेटर, हिरव्यावर पांढरी धारी उजवा, हिरव्यावर जांभळी धारी ब्रेक लाइट. अक्षरशः व्याकरण आहे हे! मुख्य रंग म्हणजे आडनाव आणि धारी म्हणजे पाळण्यातलं नाव.

सुरुवातीला या वायरींवर रबर असायचं आणि त्यावर सुती धाग्याची वीण. धारी म्हणजे त्या विणीत गुंफलेला वेगळ्या रंगाचा धागा. इंजिनची उष्णता, तेल आणि धूळ खाऊन वीस वर्षांत सगळे रंग मातकट व्हायचे. मग मिस्त्री काय करायचा? वायर कुठून कुठे जाते ते हाताने चाचपायचा आणि बल्ब लावून करंट तपासायचा. ती सवय आजही सोडू नये, का ते पुढे येईलच.

दुसरी भाषा : जर्मनीची

जर्मनीत वेगळीच शिस्त बसली. तिथल्या डीआयएन मानकांनुसार ढोबळमानाने लाल म्हणजे बॅटरीतून कायम चालू, काळी म्हणजे चावीनंतर चालू आणि तपकिरी म्हणजे अर्थ.

जरा थांबा. हे पुन्हा वाचा. ब्रिटिश गाडीत तपकिरी म्हणजे थेट बॅटरी, फ्यूजशिवाय. जर्मन गाडीत तपकिरी म्हणजे अर्थ. ब्रिटिश गाडीत काळी म्हणजे अर्थ. जर्मन गाडीत काळीत करंट. अगदी उलटापालट!

जर्मन गाडीवर हात बसलेल्या पोराने ॲम्बेसेडरची तपकिरी वायर "अर्थ आहे ही" म्हणून बॉडीला टेकवली, तर काय होईल? बारा व्होल्टचा शॉक लागत नाही, त्यामुळे लोक निर्धास्त असतात. पण बॅटरी शॉर्ट झाली की काही क्षण शेकडो अँपिअर करंट वाहू शकतो. मध्ये फ्यूज नाही, म्हणजे वायर स्वतःच फ्यूज बनते. ती लाल होते, तिचं आवरण पेटतं आणि शेजारून जाणाऱ्या बाकीच्या वायरींनाही सोबत घेऊन जाते.

आता तुम्ही म्हणाल, आपल्याकडे जर्मन गाडी कुठून आली? अहो, शेजारून. पुणे-नाशिक महामार्गावर पुण्याकडे निघालात की मंचरनंतर राजगुरुनगर आणि मग चाकण. फोक्सवॅगनचा चाकणचा कारखाना 2009 मध्ये सुरू झाला. त्याच चाकण परिसरात बजाज आहे, महिंद्रा आहे, मर्सिडीज आहे. म्हणजे एका महामार्गावरच्या एका छोट्या गॅरेजमध्ये सकाळी इंग्रजी वळणाची जुनी गाडी आणि दुपारी जर्मन वळणाची नवी गाडी येऊ शकते.

तिसरी भाषा : जपानची

डिसेंबर 1983 मध्ये पहिली मारुती 800 मालकाच्या हातात गेली आणि तिच्यासोबत सुझुकीची, म्हणजे जपानी वायरिंगची भाषा घराघरात आली. बहुतेक जपानी गाड्यांत काळी वायर अर्थ असते. पण टोयोटाचे वायरिंग नकाशे उघडले तर अर्थच्या वायरीला पांढऱ्यावर काळी धारी दिसते. म्हणजे एका देशातसुद्धा घराघरांत बोली वेगळी.

आणि हो, घरातल्या वायरिंगचा नियम गाडीला लावू नका. घराच्या जुन्या वायरिंगमध्ये लाल फेज, काळी न्यूट्रल आणि हिरवी अर्थ. लुकासच्या गाडीत हिरवीला अर्थ समजलात, तर थेट इग्निशनच्या फ्यूजला हात घातलात.

अजून एक जुना घोळ. अर्थ म्हणजे निगेटिव्ह, असं आपण धरून चालतो. पण 1960 च्या दशकाच्या मध्यापर्यंत पुष्कळ ब्रिटिश गाड्यांमध्ये बॅटरीची पॉझिटिव्ह बाजू बॉडीला जोडलेली असायची. मॉरिस ऑक्सफर्ड तशीच होती. अशी जुनी गाडी कुणी हौसेने नीट करत असेल, तर नवा म्युझिक सिस्टीम जोडण्याआधी बॅटरीची कुठली केबल बॉडीला गेली आहे ते डोळ्यांनी बघायचं.

उसाची ट्रॉली

आता हे सगळं आपल्या जिवाशी कसं येतं ते सांगतो. भीमाशंकर सहकारी साखर कारखाना ज्या गावात आहे, त्याचं पूर्ण नावच पारगाव तर्फे अवसरी बुद्रुक. गाळप हंगामात रात्री या भागातल्या रस्त्यांवर उसाच्या ट्रॉल्या असतात. मागून बाइकवर येणाऱ्याला समोरचा काळोख म्हणजे रस्ता आहे की ऊस आहे, हे फक्त मागचा लाल दिवा सांगतो. तो दिवा लागत नसेल, तर पुष्कळदा बल्ब ठीक असतो आणि अर्थ गेलेली असते.

ट्रॅक्टर आणि ट्रॉली यांना जोडणारी लोखंडी पिन हीच अर्थ, असं धरून अनेक ठिकाणी काम चालवतात. पिनेवर गंज, ग्रीस, चिखल. करंटला परत जायला नीट वाट मिळत नाही, मग तो दुसऱ्या बल्बमधून वाट शोधतो. इंडिकेटर दिला की मागचा दिवाच मंद लुकलुकतो, ब्रेक दाबला की भलतंच काहीतरी लागतं. उपाय साधा आहे : ट्रॅक्टरपासून ट्रॉलीच्या दिव्यांपर्यंत अर्थची वेगळी वायर न्यायची. ट्रेलरसाठी सात पिनांच्या सॉकेटचं आंतरराष्ट्रीय मानक आहे, त्यात ही वेगळी अर्थ दिलेलीच आहे. तिचा रंग ओळखा बरं! पांढरा. तिथे तपकिरी म्हणजे उजवा मागचा दिवा आणि काळी म्हणजे डावा मागचा दिवा. झाली ना चौथी भाषा?

जे सगळीकडे सारखं राहिलं

इतक्या भाषांमध्ये दोन गोष्टी मात्र बऱ्यापैकी जगभर एक झाल्या.

पहिली म्हणजे आकडे. जर्मन मानकात टर्मिनलला नंबर आहेत. 30 म्हणजे बॅटरी, 15 म्हणजे चावीनंतर, 31 म्हणजे अर्थ. रंग देशोदेशी बदलले, पण हे नंबर रिलेवर बसून सगळीकडे पोचले. कुठल्याही ऑटो इलेक्ट्रिकच्या दुकानात साधा रिले मागा, त्याच्या बुडाशी 30, 85, 86, 87 दिसतील. 30 ला बॅटरीकडून फ्यूजमधून करंट, 87 वरून दिव्याला किंवा हॉर्नला, आणि 85-86 ही आतली कॉइल : एक टोक स्विचकडे, दुसरं अर्थला.

दुसरी गोष्ट म्हणजे चपट्या फ्यूजचे रंग. 10 अँपिअर लाल, 15 निळा, 20 पिवळा, 30 हिरवा. लाल उडाला म्हणून हिरवा बसवला, तर गाडी चालेल, पण फ्यूजचं काम वायर वाचवणं आहे आणि ते काम तुम्ही काढून घेतलंत.

साधा हिशोब करू. कंपनीचे अप्परचे दोन बल्ब 60 वॅटचे, म्हणजे 120 वॅट. भागिले 12 व्होल्ट, 10 अँपिअर. कुणीतरी 100 वॅटचे दोन बल्ब घातले, की 200 भागिले 12, जवळजवळ 17 अँपिअर. करंट पावणेदोन पटीच्या आतच वाढला. पण वायरीतली उष्णता करंटच्या वर्गाने वाढते, म्हणजे पावणेतीन पट! वायर तीच, स्विच तोच. मग वास येतो आणि आपण म्हणतो, "वायरिंग खराब निघालं."

मग करायचं काय?

रंग बघा, पण त्याला फक्त अंदाज माना. त्या मॉडेलचा वायरिंग नकाशा मिळवा. काम सुरू करताना बॅटरीची बॉडीकडची केबल, आजच्या गाड्यांत निगेटिव्ह, आधी काढा आणि शेवटी लावा. कारण निगेटिव्ह काढलेली असेल, तर पॉझिटिव्ह खोलताना पाना बॉडीला लागला तरी काही होत नाही. करंट तपासण्यापुरती ती पुन्हा जोडावी लागेल. मापन झालं की परत काढा.

मल्टीमीटरने तीन वेळा बघा : चावी बंद, चावी चालू आणि तो दिवा किंवा हॉर्न चालू. जुन्या गाडीत बल्बचा टेस्ट लॅम्प चालतो. नव्या गाडीत तो जास्त करंट ओढून कंट्रोल युनिट बिघडवू शकतो, तिथे मल्टीमीटरच. नवी वायर बॅटरीवरून घेतलीत तर फ्यूज बॅटरीच्या जवळ बसवा, दिव्याजवळ नाही. जोड पिळून नुसती टेप मारू नका. लग नीट दाबून बसवा आणि वर आवरण चढवा. एकमेकींभोवती पीळ घातलेल्या दोन बारीक वायरी दिसल्या, तर बहुधा त्यांच्यातून कंट्रोल युनिट आपसात बोलतात. त्यांना टोचू नका.

आणि दोन रंगांपासून लांबच राहा. पिवळं आवरण किंवा पिवळा कनेक्टर असेल तर ती एअरबॅगची वायर असू शकते, तिला मीटरसुद्धा लावायचा नाही. आणि नारिंगी जाड केबल म्हणजे इलेक्ट्रिक गाडीची हाय व्होल्टेज लाइन. इथे नारिंगी रंग आंतरराष्ट्रीय नियमानेच ठरवून दिलाय, आपल्याकडच्या एआयएस-038 मध्येही तोच आहे. आणि इथे बारा व्होल्टचा निर्धास्तपणा चालत नाही, काही इलेक्ट्रिक कारमध्ये चारशे व्होल्ट किंवा त्याहून जास्त असतात. हात लागला तर जीव जाईल. हे काम फक्त प्रशिक्षण घेतलेल्यांचं. महिंद्राच्या इलेक्ट्रिक एसयूव्ही आता चाकणलाच बनतात, म्हणजे ही पाचवी भाषाही आपल्या रस्त्याला लागली आहे.

थोडक्यात काय, ज्या देशातून, ज्या काळात गाडीचं डिझाइन आलं, त्याची खूण वायरीच्या रंगात राहिली. त्यामुळे तपकिरी दिसली की आधी विचारा, "कुठली गं तू, बुद्रुक की खुर्द?" आणि तिच्या रंगाऐवजी मीटरच्या उत्तरावर विश्वास ठेवा.

गावात कुणाची ट्रॉली मागच्या दिव्याशिवाय फिरत असेल, तर हा भाग त्यांना जरूर पाठवा. हंगाम सुरू व्हायच्या आधी एक अर्थची वायर ओढायला फार वेळ लागत नाही. भेटूया पुढच्या भागात!