पुन्हा एकदा तोच दावा

मारतहळ्ळीच्या पुलापाशी वाहनांच्या लोंढ्यात उभे राहिले असता येथे एके काळी शेते होती, हे खरे वाटत नाही. या गावाच्या नावात मराठे आहेत की नाहीत, यावर येथील मराठी मंडळींत नेहमी वाद होतो. कोणी जवळच्या कारखान्यात बांधलेल्या 'मारुत' विमानाकडे बोट दाखवितात. तो वाद आम्ही येथे उकरून काढीत नाही. आम्हांस लिहावयाचे आहे ते जमिनीच्या वादाविषयी, आणि तेही एकदा निकाल लागून गेलेल्या. परमुलखात नोकरी करणाऱ्या आम्हां लोकांना हा विषय परका नाही. आजोबांच्या वेळी मिटलेला तंटा नातवाच्या वेळी नव्या नंबराने उभा राहतो, आणि जमविलेली रजा तालुक्याच्या कोर्टात खर्ची पडते. आम्ही स्वतः गेली तीन वर्षे गणपतीला घरी गेलो नाही, तारखांना गेलो.

हा रोग इंग्रजी कोर्टांनी आणला, असे म्हणण्याची आपल्याकडे पद्धत आहे. ती खरी नव्हे. कऱ्हाड प्रांतातील मसूरच्या पाटिलकीचा तंटा पाहावा. पाटिलकी आपल्या वडिलांची, जगदाळ्यांनी ती बळकावली, असे बापाजी मुसलमान याचे म्हणणे होते. तिकडचा कौल नरसोजी जगदाळे यांच्याकडे गेला, तरी बापाजी थांबला नाही. १६११ साली प्रकरण विजापुरी दुसऱ्या इब्राहीम आदिलशहापर्यंत पोचले आणि तेथून पैठणच्या धर्मसभेकडे गेले. मुसलमान वादी, मुसलमान बादशहा, आणि निवाडा गोदातीरीच्या ब्राह्मणांचा! आजच्या भांडखोर दिवसांत हे वाचून मौज वाटते. पैठणचा निवाडाही जगदाळ्यांच्या बाजूनेच झाला. पाटिलकी म्हणजे केवळ इनामाची जमीन नव्हे; तिच्यात मानपान आले, गावातील पहिले स्थान आले. ते गमावलेला मनुष्य एका निकालाने गप्प बसेल, अशी अपेक्षा करणेच चुकीचे.

आमच्या शास्त्रकारांनी ती केलीही नव्हती. प्रतिवादीने द्यावयाच्या उत्तराचे त्यांनी जे चार प्रकार सांगितले, त्यांत 'प्राङ्न्याय' हा एक आहे: या विषयाचा निवाडा पूर्वीच झाला असून त्यात वादी हरला आहे, असे उत्तर. विज्ञानेश्वराने मिताक्षरा लिहिली ती याच कर्नाटकातील कल्याणी येथे, चालुक्यांच्या आश्रयाने. याज्ञवल्क्य तर याहून पुढे जातो. न्यायाने हरूनही आपण हरलो नाही असे मानून जो पुन्हा येईल, त्याला पुन्हा हरवून दुप्पट दंड घ्यावा, असे तो सांगतो. दार बंद केलेले नाही. मात्र उंबरठ्यावर जबर मोल मागितले आहे.

मराठी अमलात यात आणखी एक भर पडली. जिंकणाऱ्यास निवाडपत्र मिळे व त्याजकडून 'हरकी' घेत. हरणाऱ्याकडून 'गुन्हेगारी' घेत, आणि शिवाय 'यजितखत' लिहून घेत. मी हरलो, माझा या वतनाशी संबंध नाही, असे खुद्द हरलेल्यानेच लिहून द्यावयाचे! आमच्या मते या कागदात मोठे शहाणपण होते. आजचा हुकूमनामा न्यायाधीश लिहितो. हरलेला मनुष्य काहीच लिहीत नाही, आणि मनातून तो हरतही नाही. अर्थात यजितखत हाती असूनही राज्य पालटले, कारभारी बदलले, की जुने तंटे पुन्हा वर येतच. कागदाला जोर असतो तो कागद मानणाऱ्या सरकारचा.

दिवाणी व्यवहार संहितेच्या ११ व्या कलमात हाच प्राङ्न्याय १९०८ पासून आहे. त्याच पक्षांत, त्याच मुद्द्यावर, अधिकार असलेल्या कोर्टाने अखेरचा निर्णय दिला असेल, तर तो मुद्दा पुन्हा चालविता येत नाही. पूर्वीच्या दाव्यात जे मांडता आले असते व मांडावयास हवे होते, तेही मांडलेच असे समजतात. मग वाट उरते ती फसवणुकीची: आधीचा निकालच कपटाने मिळविला, असे म्हणावयाचे.

या वाटेने गेलेला एक खटला बंगळूरचाच आहे. तो मालकीचा नव्हे, भाडेकरूला घराबाहेर काढण्याचा होता. पण जात तीच. वरच्या कोर्टापर्यंत हरून, जागा सोडण्यास मुदतही मिळाल्यावर, तो निकाल कपटाचा आहे म्हणून मुन्सफाकडे नवा दावा लावण्यात आला; तेथे मनाई हुकूम मिळेना तेव्हा आणखी एक. १९७७ साली सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी त्याचा फार कडक शब्दांत समाचार घेतला. वाद्याची कैफियत नुसती चतुर लेखणीची करामत असेल, तर खालच्या न्यायाधीशाने सातव्या आदेशाच्या अकराव्या नियमाने ती पहिल्याच दिवशी खुडून टाकावी, असे त्यांनी बजाविले. बजाविले खरे, पण खुडण्यास वेळ लागतो, आणि खोडसाळ दाव्याबद्दल द्यावयाच्या भरपाईस संहितेने साध्या दाव्यांपुरती ३,००० रुपयांची मर्यादा घातली आहे. याज्ञवल्क्याची दुप्पट कोठे, आणि हे कोठे! मारतहळ्ळीत तेवढ्यात एका खोलीचे महिन्याचे भाडेही भागत नाही.

आमच्या बांधाच्या दाव्यातही यंदा 'कपट' हा शब्द अवतरला आहे. ज्यांनी कपट केले म्हणतात ते आजोबा आणि ज्यांच्याशी केले ते त्यांचे चुलतभाऊ, दोघेही कधीच गेले. वकीलसाहेबांनी जुन्या निकालाची नक्कल मागविली आहे; ती थोरल्या काकूंच्या पेटीत, पंचांगांच्या गठ्ठ्याखाली असावी.