करवत माशाला जाळ्याचा फास

लांब सोंडेच्या दोन्ही कडांना दात. या करवतीने करवत मासा तळाची वाळू उकरतो, माशांच्या थव्यावर सपासप वार करतो. नायलॉनच्या जाळ्यात मात्र हेच दात अडकतात आणि सुटका होत नाही.

विसाव्या शतकात यांत्रिक बोटी वाढल्या, तसा तो भारताच्या किनाऱ्यावरून जवळजवळ दिसेनासा झाला. पंखांना परदेशात भाव, करवतीला दिवाणखान्यात जागा. पिल्लं वाढायची त्या खाड्याही बिघडल्या.

२००१ मध्ये वन्यजीव कायद्याने या अतिसंकटग्रस्त माशाला वाघाच्या पंक्तीत, पहिल्या अनुसूचीत बसवलं. २००७ मध्ये ‘साइट्स’ या आंतरराष्ट्रीय कराराने बहुतेक जातींचा जागतिक व्यापार रोखला. एका जातीपुरती उरलेली पळवाट २०१३ मध्ये बुजली.

तरीही २०२१ मध्ये कर्नाटकातल्या मालपे बंदरात एक अजस्र करवत मासा उतरलाच. कायदा शिकारीला आवरतो. जाळं मासा निवडून पकडत नाही.